कोकिळाचं रॉक गाणं

एका जंगलात एक तरुण कोकीळ होता आणि त्याचा बँड होता. बाळांनो, वरातीतला नव्हे. सुतारपक्षी ड्रम बडवायचा, रातकिडा गिटार खाजवायचा. त्यांच्या पाठीशी कुठली कंपनी नव्हती. चिंचेची एक फांदी होती, तीही मोडकी.

एकदा कोकिळाने बालपणावर गाणं केलं. सुरुवातीला नुसतं "कुहू कुहू", मग शब्द:

आईनं टाकलं परक्या घरी,
परकीनं जपलं आईपरी;
कंठ फुटला ज्या सकाळी,
तिचीच चोच माझ्या कपाळी.

जंगलात गहजब झाला. संस्कार समितीचे अध्यक्ष बोकेकाका तर रडायचेच बाकी होते. त्यांनी स्वतःची दोन पिल्लं खाल्ली होती, पण त्यावर कधी गाणं केलं नव्हतं.

"बालपण कसं लोण्यासारखं असावं," ते मिशा चाटत म्हणाले.

गाण्यावर बंदी आली. समितीचं काम चोख. चुकून कुणी म्हणू नये म्हणून टिटवीने पाणवठ्या-पाणवठ्यावर दवंडी दिली, "पुढील गाणं म्हणण्यास मनाई आहे," आणि पुढे अख्खं गाणं, चालीसकट. संध्याकाळपर्यंत ते सशाच्या पिल्लांनाही पाठ झालं.

मग समितीने कोकिळाला बोलावलं.

"काका, पण हे खरंच घडलंय हो," कोकीळ म्हणाला. "मला ते फक्त कावळीणआईला ऐकवायचं होतं."

"घडलं असेल रे. पण गाण्यात कशाला? आपण थोडी काटछाट करू, म्हणजे ऐकवता येईल."

'आई' काढली, मातृत्वाचा अपमान नको. 'परकी' काढली, कावळा समाज दुखावतो. 'चोच' काढली, हिंसा. 'कपाळ' अशुभ. 'कंठ' कशाला काढला ते कुणालाच आठवत नाही.

उरलं "कुहू कुहू".

"वा! किती गोड," बोकेकाका म्हणाले. "वसंत आला."

तेव्हापासून कोकीळ तेवढंच गातो, अगदी गळा फुटेस्तोवर. सगळे माना डोलावतात. कावळीण मात्र ते ऐकलं की तोंडातला घास टाकून त्याच्यामागे धावते. मारायला की घरी न्यायला, हे त्याला अजून कळलेलं नाही. म्हणून तो पळतो.

लोक म्हणतात, तिला मेलीला गाण्यातलं काही कळत नाही.

तात्पर्य: बालपणीचं दुःख मोकळ्या गळ्याने गावं. शब्द तेवढे वगळावेत.