दिलावरभाई आणि फुटलेली गाणी

आमच्या सणसरचे दिलावरभाई वरातीतला डीजे बंद पाडतात. आवाज मोठा असतो म्हणून नव्हे, गाणं फुटलेलं असतं म्हणून. एखाद्या रॅपरचा अल्बम यायच्या आधीच चोरून मोबाइलवर फिरायला लागला, की हे बारावीचा पेपर फुटल्यासारखे भडकतात. नवरदेव घोड्यावर ताटकळलेला आणि हे डीजेवाल्याला सुनावतायत, "कच्चा ऊस हाय त्यो. तोड आल्याबिगार हात लावायचा न्हाय."

वय साठीचं, धंदा ट्रॅक्टरनं कारखान्याला ऊस वाहायचा आणि नाद रॅपचा. मी कारखान्याच्या वजनकाट्यावर नोकरीला. माझ्या मोबाइलात असलं एक गाणं सापडलं, तर त्यांनी ते मलाच पुसायला लावलं. वर चहाही माझ्याकडूनच उकळला.

हा नाद त्यांना मुलीमुळं लागला. सलमा रॅप करते. आई गेल्यावर घरात ही दोघंच. तिनं अख्खा अल्बम घरीच रेकॉर्ड केला, बापाला पेन ड्राइव्हवर दिला आणि मग कच खाल्ली. "लोक हसतील, अब्बा." अल्बम तसाच पडून राहिला. हळूहळू तिनं रॅप करणंच सोडलं. याचं मला फार वाईट वाटायचं.

परवा कारखान्याच्या यार्डात ट्रॅक्टरांची लांब रांग होती. दिलावरभाईंच्या ट्रॅक्टरमधल्या डेकवर अचानक सलमाचा आवाज कडाडला:

"स्थळ आलं दारी, म्हनं सैपाक येतो का?
म्या म्हनलं, पोराला गप ऐकता येतं का?"

मागच्या ड्रायव्हरनं पेन ड्राइव्ह मागून नेला. त्याच्याकडून पुढच्यानं, मागच्यानं गाणी मोबाइलात उतरवून घेतली. जेवणाच्या सुट्टीपर्यंत सगळी रांग सलमाच्या आवाजात बोलत होती आणि माझ्या खिडकीच्या काचा थरथरत होत्या.

बातमी कळताच सलमा स्कूटीवरून आली, ती तापलेलीच.

"अब्बा, कुणी फोडलं?"

"म्या."

"तुमी? लोकांची लगीनं बंद पाडली की तुमी ह्याच्यापायी."

"व्हय," दिलावरभाई खाली बघत म्हणाले. "तू बोलायची थांबलीस, पोरी. घर खायला उठतंय. ट्रॅक्टरवर बसून एकटाच तुला ऐकायचो. आता न्हाय सोसलं."

तेवढ्यात मागून एका ड्रायव्हरनं विचारलं, "ताई, समोर म्हनून दावता का?"

एकेक डेक बंद झाला. सलमानं ओढणी कमरेला खोचली आणि ती बापाच्या ट्रॅक्टरवर चढली. तिचा पहिला शब्द जरा कापला, पुढं मात्र तिनं यार्ड डोक्यावर घेतलं. रांग जागची हलेना. कारखान्यातून बोलावणी येत होती आणि मी काटा सोडून बाहेर टाळ्या वाजवत होतो.

दिलावरभाई चाकाला टेकून उभे होते. डोळ्यांतलं पाणी पुसायचंही त्यांना सुचत नव्हतं. ओठ मात्र तिच्याबरोबर हलत होते, आणि त्यांचा एकही शब्द चुकत नव्हता.