ताईंच्या नावाचं मिनिट

सामना सुरू व्हायला पंचवीस मिनिटं होती आणि संघाच्या मालकीणबाई कपड्यांच्या खोलीत मान खाली घालून काळ्या फिती शिवत होत्या. दंडाला बांधायच्या अठरा फिती दुकानातून आल्या होत्या, पण पैलवानांच्या मापाच्या. गोलरक्षकाने एक चढवून पाहिली, तर ती घसरत थेट मनगटावर येऊन थांबली. कपडे सांभाळणारे मामा म्हणाले, टाचण्या लावू. प्रशिक्षकांनी हात जोडले. मैदानात टाचणी टोचून माणूस बसला तर बदली कुणाला उतरवायचं, हा त्यांचा प्रश्न होता. शेवटी मालकीणबाईंनीच सुई मागितली. कुणीतरी काहीतरी काम द्यावं, याची त्या तीन दिवस वाटच बघत होत्या.

त्यांना सगळे ताई म्हणत आणि त्यांच्या थोरल्या भावाला दादा. हा फुटबॉलचा संघ आणि मुलींचा व्हॉलीबॉलचा संघ, दोन्ही दोघांच्या निम्म्या-निम्म्या मालकीचे. गुरुवारी सकाळी दाढी करता करता दादा गेले. आज रविवार. ताई अजून रडल्या नव्हत्या. रडायचं तर आधी दादांवरचा राग सोडायला हवा होता, आणि समोर माणूसच नसताना तो कसा सोडायचा, हे त्यांना कळत नव्हतं. वर्षापूर्वी दादांनी मुलींचा संघ विकायचं काढलं. ताईंनी सही केली नाही. तेव्हापासून भाऊबहीण एकमेकांशी सेक्रेटरीमार्फत बोलत. सामन्याला शेजारी शेजारी बसत खरे, पण मध्यंतर झालं की दादा उठून जात ते परत येत नसत. आपल्या शेजारी त्यांना बसवत नाही, असं ताईंनी मनाशी धरून ठेवलं होतं.

सामन्याआधी दादांसाठी एक मिनिट शांतता पाळायची होती. नेहमीच्या निवेदकाचा घसा बसला होता. बदली आलेल्या गृहस्थांना सेक्रेटरींनी मजकूर फोनवर सांगितला, तेव्हा नेमका बँड वाजत होता. ‘ताईंच्या इच्छेनुसार दादांना श्रद्धांजली’ यातला पहिला आणि शेवटचा शब्द तेवढा पलीकडे पोहोचला.

तेराव्या फितीला टाका घालताना ताईंना भोंग्यातून ऐकू आलं, “कळवायला अत्यंत दुःख होतं, की आपल्या सर्वांच्या लाडक्या ताई आज आपल्यात नाहीत.”

ताई उभ्या राहिल्या. श्रद्धांजली म्हटलं की उभं राहायचं, ही शाळेपासूनची सवय. कुणाची, हे डोक्यात शिरेपर्यंत त्या ताठ झाल्या होत्या. मामाही उभे राहिले. दोघं समोरासमोर, मामांच्या हातात मोजे, ताईंच्या हातात सुई. बोलावं तर शांतता मोडते. मामांनी डोळ्यांनीच विचारलं, हे काय. ताईंनी डोळ्यांनीच सांगितलं, मला काय माहीत. आणि दोघांनी मिळून ताईंना पूर्ण एक मिनिट श्रद्धांजली वाहिली.

पुढचं सगळं भराभर होत गेलं. बातमी ऐकून ताईंच्या मावशींचा फोन आला. ताईंनी “हॅलो” म्हटलं मात्र, पलीकडे फोन आणि बहुधा मावशीही खाली पडल्या. सेक्रेटरींचा फोन सांत्वन करणाऱ्यांनी अडवून ठेवला होता. मामा निवेदकाकडे धावले, तर जिन्यातच सुरक्षारक्षकाने त्यांना मिठी मारली, बसवलं, पाणी पाजलं आणि खाली निरोप दिला, की म्हाताऱ्याच्या डोक्यावर परिणाम झालाय, ताई जिवंत आहेत म्हणतो. त्यांना धरून परत खोलीच्या दारापर्यंत आणून सोडलं. आत काही डोकावून बघितलं नाही.

मैदानात तर कहर होता. खेळाडूंनी ताईंना थोड्या वेळापूर्वी धडधाकट पाहिलेलं. त्यांनी आपापसात ठरवलं, की फिती शिवता शिवताच त्या गेल्या. चौदा सामन्यांत एकही विजय न मिळवलेला तो संघ, अंगात आल्यासारखा धावला. मध्यंतराला आपण दोन गोलांनी पुढे.

प्रशिक्षक कोरडे शर्ट न्यायला खोलीत आले आणि ताईंना बघून शर्टांच्या ढिगावरच बसले. बसूनच त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

“ताई, राग मानू नका,” ते म्हणाले. “अजून पंचेचाळीस मिनिटं इथेच थांबाल का? पोरं तुमच्यासाठी खेळतायत. तुम्ही दिसलात तर नेहमीसारखं खेळतील.”

ताईंनी विचार केला. दादा गेले तेव्हा संघ हरतच होता.

“जाताना दार ओढून घ्या,” त्या म्हणाल्या.

बसायला टॉवेलांची मोठी टोपली होती. त्या टेकणार, तेवढ्यात मामा म्हणाले, “तिथे दादा बसायचे.”

“इथे? कधी?”

“मध्यंतरानंतर, दर सामन्याला. पुढचा खेळ त्यांना बघवायचा नाही, धडधडायचं. मला दारात उभं करायचे. तिथून तुमची खुर्ची दिसते. म्हणायचे, मामा, मैदानाकडे बघू नका, ताईच्या तोंडाकडे बघा आणि मला सांगा. तुम्ही ओठ चावलात की मी सांगायचो, आणि ते म्हणायचे, चला, बसला आपल्यावर गोल.”

ताई टोपलीकडे बघत राहिल्या. मग त्यांनी विचारलं, की मुलींच्या संघाबद्दल कधी काही बोलले का.

“एकदाच. म्हणाले, तिने सही केली नाही ते बरं झालं, मीच चुकत होतो. मी म्हटलं, मग सांगा ना त्यांना. तर म्हणाले, असलं काही सेक्रेटरीकडून सांगता येत नाही हो.”

उरलेल्या फितींची आता गरज नव्हती, तरी ताईंनी त्या सगळ्या शिवल्या.

रडून रडून गोलरक्षकाला चेंडू दिसेनासा झाला, म्हणून एक गोल बसला. पण संघ जिंकला. मग ताई बाहेर आल्या. निवेदकाने चूक कबूल केली, ताई सुखरूप असल्याचं सांगितलं, आणि मैदानाने कधी नव्हे एवढा जल्लोष केला. गोलरक्षकाने त्यांच्या कोपराला दोनदा हात लावून खात्री करून घेतली. लोक हसत, गात, एकमेकांना टाळ्या देत घरी गेले. मग गेलं कोण, हे विचारायचं कुणालाच सुचलं नाही.

ताई पंचांकडे गेल्या आणि दादांसाठी एक मिनिट मागितलं. पंचांनी समजावून सांगितलं, की नियमाप्रमाणे एका सामन्याला एकच श्रद्धांजली, आणि ती तर झाली. ताईंनी मान डोलावली, पण त्या तिथून हलल्या नाहीत. मग पंचांनीच हातातली बॅग गवतावर ठेवली आणि पाय जुळवले.

खेळाडू उभे राहिले, प्रशिक्षक, मामा. वर रिकाम्या पायऱ्या झाडणारी बाई झाडू टेकवून थांबली. थोड्या वेळाने ताईंचा हुंदका ऐकू आला, मग दुसरा, आणि मग त्या आवरेनाशा होऊन रडू लागल्या.

मिनिट केव्हाच होऊन गेलं होतं. शिट्टी बॅगेत होती. पंच ताईंची वाट बघत होते, ताई मान वर करत नव्हत्या, आणि पुरे झालं असं म्हणायचं कुणी, हे काही ठरलेलं नव्हतं. त्यामुळे सगळे तसेच उभे राहिले.