डाव्या गालावरचा तीळ

प्रदर्शनाला आठवडा उरला असताना शाल्मली हेर्लेकर यांच्या प्रतिबिंबाने, चित्राच्या नामपट्टीवर आपले नाव दिल्याशिवाय यापुढे आरशात उभे राहणार नाही, असे कळवले.

शाल्मलीताई चित्र, माती आणि भरतकाम या तिन्ही माध्यमांतून अनेक वर्षे स्वतःचाच चेहरा घडवत आहेत. प्रदर्शनाची पुस्तिका लिहिण्याचे काम माझ्याकडे असल्याने मी त्या वेळी कोल्हापुरातील त्यांच्या कार्यशाळेत उपस्थित होते. प्रदर्शनाच्या मुख्य भिंतीवरचे आत्मचित्र अजून व्हायचे होते आणि आरशात केवळ रिकामी खुर्ची दिसत होती.

"बाहेर ये. आपण बोलू," शाल्मलीताई म्हणाल्या.

प्रतिबिंब चौकटीच्या कडेने डोकावले. "तुझा तीळ कुठल्या गालावर?"

"डाव्या."

"माझा उजव्या. आता तुझं एकेक काम बघ."

आम्ही पाहिले. चित्रांत, मातीच्या मुखवट्यांत, टाक्यांत, सर्वत्र तीळ उजव्या गालावर होता. माझ्या मते प्रतिबिंबाचा दावा ग्राह्य होता.

शाल्मलीताई खुर्चीवर बसल्या. "आई प्रत्येक वेळी म्हणते, छान आहे, पण ही तू नव्हेस. मला वाटायचं, माझा हातच कच्चा आहे."

"हात उत्तम आहे गं. माझी छबी हुबेहूब काढलीस."

"मग माझी कोण काढणार?"

"मी. पण हलायचं नाही हं. मी कधी हलले का?"

"नामपट्टीवर तुझं नाव काय घालू?"

"शाल्मली हेर्लेकरच. दुसरं कुठून आणू?"

प्रतिबिंबाने आतल्या बाजूचा कुंचला उचलला. शाल्मलीताई रिकामे हात मांडीवर ठेवून बसल्या. हातांचे काय करावे हे त्यांना सुरुवातीला कळत नव्हते. संध्याकाळी प्रतिबिंबाने कॅनव्हास आमच्याकडे वळवला. तीळ डाव्या गालावर होता. चित्र बाहेर काढणे शक्य नसल्याने मुख्य भिंतीवर आरसाच टांगण्यात आला. नामपट्टीवर एकच नाव दोनदा आले. छपाईवाल्याने त्यातले एक चूक समजून गाळले होते, म्हणून ती पुन्हा छापावी लागली.

उद्घाटनाला त्यांच्या आई, मालतीबाई, औक्षणाचे ताट घेऊन आल्या. आरशापुढे त्या बराच वेळ थांबल्या.

"ही तू," त्या म्हणाल्या. "कुणी काढलं?"

चित्राशेजारी उभ्या असलेल्या प्रतिबिंबाने संकोचाने हात वर केला.

मालतीबाईंनी लेकीला कुंकू लावले, ओवाळले. मग त्यांचे लक्ष आरशाकडे गेले. प्रतिबिंबाचे कपाळ मोकळेच होते.

"अगं बाई, हिचं राहिलंच की."

"काकू, काचेला डाग पडेल," दालनाचे व्यवस्थापक म्हणाले.

"पडू दे. एकीला लावायचं आणि दुसरीला तसंच ठेवायचं होय?" त्यांनी बोट कुंकवात बुडवले आणि टाचा उचलल्या, तरी ते आरशातल्या कपाळापर्यंत पोहोचेना. "किती उंच टांगलंय हिला! जरा वाक गं."

प्रतिबिंब वाकले. शाल्मलीताई ताठ उभ्या होत्या.