दामूअण्णांची गुलाबी वडी

मी एकदा चीज लावून आंघोळ केली आहे.

हे वाचून मी कुठला तरी संस्थानिक असेन असं कोणी समजू नये. मी अलिबागच्या कोर्टात कागदांच्या नकला करणारा कारकून. साहेब लोक पावाबरोबर खातात ते चीज, म्हणजे दूध फाडून, खारवून, दाबून मुरवलेली वडी, मी तोवर पाहिलीसुद्धा नव्हती. त्या दिवशी घरातला साबण संपला होता आणि तो संपला आहे हे अंगावर दोन तांबे ओतून घेतल्यावर माझ्या लक्षात आलं. आमची आणि शेजारच्या दामूअण्णांची विहीर एकच. तिच्या आतल्या अंगाला, हात पोचेल अशा कोनाड्यात, ओल्या फडक्यात गुंडाळलेली एक गुलाबी वडी दिसली. म्हातारा मुंबईहून वासाचा साबण मागवतो आणि शेजाऱ्यांपासून लपवून ठेवतो, हे पाहून मला रागच आला. त्या रागातच मी ती वडी डोक्यापासून पायापर्यंत घासली.

वास आंबूस होता. पण विलायती वास असेच असणार, अशी मी समजूत घातली. फेस मात्र काही केल्या येईना. वडीचे बारीक तुकडे होऊन ते छातीवरच्या केसांत अडकले आणि रहाटावर कावळे येऊन बसले. इतक्यात मागून आवाज आला.

“भाऊ, काय चाललंय?”

“आंघोळ,” मी म्हणालो. दुसरं काही म्हणण्यासारखी परिस्थिती नव्हती.

दामूअण्णा जवळ आले. माझ्या खांद्यावरचा एक तुकडा चिमटीत उचलून त्यांनी दाबून पाहिला. आता हा माणूस मला विहिरीत ढकलणार असं वाटलं.

“फेस आला?” त्यांनी विचारलं.

“नाही.”

“जरापण न्हाय?”

“अहो, नाही म्हणतो ना!”

त्यांचा चेहरा उजळला. “म्हंजे चीजच हाय! आळीतले म्हणत व्हते, दामूनं साबण पाडला. आता पुरावा मिळाला!” आणि मला तसाच चिकट सोडून ते हा निकाल सांगायला आळीत गेलेसुद्धा.

दामूअण्णा कोर्टातले जुने पट्टेवाले. पक्षकारांच्या नावांचा पुकारा करण्यात त्यांची सगळी नोकरी गेली. व्हरांड्यात उभे राहून “अमका तमका हाजिर हो ऽऽ” अशी तीनदा आरोळी दिली, की समुद्रावर जाळं ओढणारा माणूससुद्धा दचकून इकडेतिकडे बघे. पेन्शन घेतल्यावर कोर्ट सुटलं, पण पुकारा सुटला नाही. गाय तीनदा पुकारल्याशिवाय गोठ्यात येत नसे. भाजी चिरायला बसले, की आधी “वांगी हाजिर हो ऽऽ” आणि मग विळी. कुठलीही गोष्ट बिघडली तरी बिघडली म्हणून कबूल करायचं नाही. “तहकूब!” म्हणायचं आणि पुढची तारीख द्यायची.

आमच्या आळीत चारचौघांत बायकोचं नाव घेण्याची कोणाची छाती नव्हती. मीही लग्नाला वीस वर्षं झाली तरी “अगं, ऐकलंस का” याच्या पुढे गेलो नव्हतो. दामूअण्णा मात्र रोज दोन्ही वेळा, पानं मांडली की ओटीवर येऊन छाती भरून पुकारत, “पारूबाई हाजिर हो ऽऽ!” तिसऱ्या आरोळीला आतून पारूवहिनींचं “हजर!” यायचं आणि पाठोपाठ भांडी पडावीत तसं त्यांचं हसू. आळी म्हणायची, म्हातारा चळला. मग आळीही जेवायला बसायची, कारण सगळ्यांची घड्याळं दामूअण्णांवर लागलेली.

दिवाळीनंतर ते “हजर” बारीक होत गेलं. पारूवहिनींनी अंथरूण धरलं. घशात काहीतरी वाढलं होतं. डॉक्टर येऊन बघून गेले आणि जाताना ओटीवर दामूअण्णांशी हळू आवाजात बोलले. त्यानंतर आठवडाभरात दामूअण्णांनी चीज करायला घेतलं.

कृती त्यांना जज्जसाहेबांच्या बंगल्यावरच्या बबर्चीनं पूर्वी कधीतरी सांगितली होती. पण दूध फाडायला वासराच्या पोटातलं काहीतरी लागतं, एवढं ऐकूनच दामूअण्णांनी कानांवर हात ठेवले होते. त्याऐवजी आता त्यांनी आमसुलाचं पाणी घातलं. म्हणून वडी गुलाबी. ती उपरण्यात बांधून ते पाट्याखाली ठेवत आणि पाट्यावर स्वतः बसून राहत. मग ती विहिरीच्या गार कोनाड्यात मुरायला ठेवत. ती मुरेपर्यंत आळीतल्या नाकांचं काय होतं, याचा विचार त्या बबर्चीनं केला नसावा. तीन घरं सोडून राहणाऱ्या मास्तरांनी आपल्या भिंतीत उंदीर मेला असं समजून अर्धी भिंत खणली.

त्या आंघोळीनंतर चवीला साक्षीदार मी. दर वडीला दामूअण्णा मला बोलावत, “खरं सांगंन, खोटं सांगणार न्हाय” असं वदवून घेत आणि मग एक तुकडा माझ्या तळहातावर ठेवत. पहिली वडी शाळेतल्या खडूसारखी लागली. दुसरी ओल्या चपलेसारखी. चप्पल मी कधी खाल्लेली नाही, पण त्या दिवशी खात्री पटली.

“वितळंल का ही?” ते विचारत. “भाजलेल्या वांग्यावर टाकली तर तार सुटंल का?”

“सुटेल असं वाटत नाही, अण्णा.”

“तहकूब!” आणि पुन्हा दूध चुलीवर.

आळी मात्र आता हसेनाशी झाली होती. घरात बायको पेजेवर दिवस काढते आणि या माणसाला साहेबी खाण्याचे डोहाळे लागलेत, असं लोक त्यांच्या तोंडावर बोलू लागले. दामूअण्णा मान खाली घालून “जीभ हाय, काय करनार” एवढंच म्हणत. मलाही ते पटत नव्हतं. साक्षीदार असलो तरी मी आळीतलाच.

पौषात दामूअण्णांनी पोपटी लावायची ठरवली. आमच्याकडे थंडीत वालाच्या शेंगा भरल्या, की परसात पोपटी लागते. मडक्याला आतून भांबुर्ड्याच्या पाल्याचा थर द्यायचा, त्यात शेंगा, वांगी, रताळी, आपले पांढरे कांदे, मीठ, ओवा भरायचा, तोंड पाल्यानं गच्च बंद करून मडकं उपडं ठेवायचं आणि भोवती गवतकाडी पेटवायची. त्या भाज्यांवर चीज किसून घालायचं, हा दामूअण्णांचा बेत. मला आणि बायकोला आमंत्रण होतं. ही सरळ आत पारूवहिनींजवळ जाऊन बसली. मी दामूअण्णांबरोबर जाळाशी.

मडकं तापत होतं. मला राहवेना. मी म्हटलं, “अण्णा, रागावू नका. वहिनींची ही अवस्था, आणि या वेळी जिभेचे एवढे लाड?”

त्यांनी काडीनं निखारे मडक्याकडे सारले.

“माझी जीभ न्हाय ती, भाऊ,” ते म्हणाले. “एका नाताळाला साहेबाच्या मेजावरचं उरलेलं बबर्चीनं दिलं व्हतं. भाजलेलं वांगं, कांदा, वरती हे चीज. पानात बांधून आणलं. हिनं सगळं खाल्लं. बोटं चाटली. आन मग विचारते कशी, ‘अजून हाय का?’”

“मग?”

“मग काय! नव्हतं. तेवढंच व्हतं.” त्यांनी काडी जाळात टाकली. “लगीन झाल्यापास्नं तिनं माझ्याकडं काय मागितलं न्हाय. लुगडं न्हाय, दागिना न्हाय. पोर झालं न्हाय, तेबी देवाकडं मागितलं, माझ्याकडं न्हाय. येकदाच मागितलं, आन माझ्याकडं नव्हतं. साहेब तर बदलून गेला.”

“मग आळीला सांगायचं नाही का हे?”

“काय सांगू? बाईला जिभेचे डोहाळे लागलेत म्हणून? तिला नावं ठेवतील. माझं काय, मला पट्टेवाला म्हनून सवयच हाय.”

त्यांनी मडक्यावर पाण्याचा शिंतोडा मारला. चर्रकन आवाज आला. पोपटी झाली होती.

मडकं उघडल्यावर जो वास आला, त्यानं क्षणभर मला वाटलं, आज जमलं. त्यांनी मऊ झालेलं वांगं, कांदा, शेंगांतले दाणे ताटलीत काढले, वर चीज किसलं आणि त्यावर निखाऱ्यांनी भरलेलं झाकण धरलं. चीज वितळलं नाही. आधी घाम आल्यासारखं झालं, मग आक्रसलं, मग रबरी होऊन बसलं. मी शपथ न घेताच घास खाल्ला. खाली भाजी अमृतासारखी होती आणि वर आमसुलाच्या वासाचा जोडा.

दामूअण्णा माझ्या तोंडाकडे बघत होते.

“खरं सांगंन...” त्यांनी सुरुवात केली.

“तार सुटली,” मी म्हणालो. कोर्टात चाकरी केलेल्या माणसानं इतकी उघड खोटी साक्ष दिली नसेल.

दामूअण्णांनी झाकण खाली ठेवलं. तहकूबही म्हणाले नाहीत. ताटली घेऊन ओटीवर गेले, दाराशी उभे राहिले आणि त्यांनी पुकारा केला. “पारूबाई हाजिर हो ऽऽ!” आवाज तोच, पण टोकाला फाटला. दुसरी आरोळी झाली. आळीतली दारं उघडली. जेवायची वेळ नव्हती, लोकांना कळेना. तिसऱ्या आरोळीनंतर इतका वेळ गेला, की मी जाळाकडे तोंड फिरवलं.

“हजर,” आतून आलं. फुंकरीएवढं.

ते आत गेले. मी परसातच थांबलो. थोड्या वेळानं दामूअण्णा आतली एक रिकामी वाटी घेऊन धावत बाहेर आले. त्या वयाचा माणूस इतक्या झपाट्यानं धावलेला मी पाहिला नाही. मडक्यात हात घालताना बोटं भाजली, त्याचं भान नव्हतं.

“भाऊ!” ते म्हणाले. “मागितलं! ‘अजून हाय का’ म्हणाली!” वांग्याचा उरलेला तुकडा वाटीत घेऊन, त्यावर जाळाशी राहिलेलं चीज हातानंच चुरून, ते पुन्हा आत पळाले.

मी मनात म्हटलं, जमलं एकदाचं. इतका आनंद मला माझ्या बढतीच्या वेळी झाला नव्हता. घरी येताना मी बायकोला माझं कौतुक ऐकवलं. मी तार सुटली म्हणालो म्हणून अण्णांना धीर आला, नाहीतर ताटली आत गेलीच नसती, वगैरे. ही पदर मुठीत धरून चालत होती. घरात शिरून मी पाय धुतले, तरी मूठ तशीच.

“अगं, त्या जेवल्या ना?” मी विचारलं. “तुझ्यासमोरच ना?”

तिनं पदराची गाठ सोडली. आत चावलेल्या वांग्याचा घास होता, तसाच. “पाणीसुद्धा उतरत नाही त्यांच्या घशाखाली,” ती म्हणाली. “तोंडात धरून ठेवला, आणि अण्णांकडे बघून ‘अजून हाय का’ म्हणाल्या. मग माझ्या हातात काढून दिला.”

“आणि अण्णांना ते कळलंच नाही?”

“कळलं नाही कसं? ते उशाशीच बसले होते. त्यांच्या डोळ्यांसमोर दिला.”

“मग आणखी आणायला धावले कशाला?” मी विचारलं.

ती घास घेऊन तुळशीकडे निघाली होती. दारातच थांबली, आणि मला अगदीच काही समजत नाही अशा आवाजात म्हणाली, “वहिनींनी मागितलं ना.”