एका क्लॅरेन्सच्या दोन पेट्या

शप्पथ घेऊन सांगते, यातला शब्द न् शब्द खरा! खोटं निघालं तर माझी कवळी भर जेवणात सूपमध्ये पडो!

आमच्या यॉर्कशरचा ऑस्विन थ्रॉपल. टीव्ही म्हणू नका, सिनेमा म्हणू नका, सगळीकडे हा! चेहरा सगळ्यांना ठाऊक, नाव कुणालाच नाही. अर्धं आयुष्य वेटर, हवालदार आणि मुडद्यांची कामं करण्यात गेलं. मुडदा तर त्यानेच करावा! फक्त मागच्या खेपेला ऐन तपासात मुडदा शिंकला.

म्हणून मालिकेच्या दिग्दर्शिकेने, हिल्डाने दम भरला, "ऑस्विन, आज गप पडून राहिलास तर पुढच्या भागात पोस्टमन तू! आख्खं एक वाक्य बोलायचं! पण हललास, तर कायमचा घरी!"

"अगं, मी पडलो ना, की डॉक्टरसुद्धा सही करून जाईल!" ऑस्विनने छाती फुगवली.

शूटिंग गावच्या चर्चमध्ये. उघड्या शवपेटीत ऑस्विन, तोंडावर पिठाच्या गिरणीतल्यासारखी पावडर. इतक्यात चहाची वेळ झाली. आमच्याकडे छप्पर पेटलं तरी आधी किटली! सगळे पळाले. मेकअपवाली जाता जाता ओरडली, "तू उठू नकोस हं राजा, पावडर सांडेल!"

पडल्या पडल्या ऑस्विनचा डोळा लागला. जाग आली ती ऑर्गनच्या आवाजाने. 'सुरू झालं वाटतं!' त्याने श्वास पोटात लपवला.

सुरू झालं होतं खरं, पण शूटिंग नव्हे, क्लॅरेन्स बॉटम्लीचा खराखुरा अंत्यविधी! विसराळू पाद्रीबाबांनी एकाच दुपारी दोघांना चर्च दिलेलं. खऱ्या क्लॅरेन्सची गाडी मेंढ्यांच्या कळपामागे अडकलेली. माणसं मात्र वेळेवर! समोर पेटी दिसली, बसली. आमच्यात पेटी बंद असते. पण ही उघडी का, हे विचारणार कोण? दुःखात चौकशा करणं म्हणजे केवढा असभ्यपणा!

"क्लॅरेन्सला मिशी कधी फुटली?" एक म्हातारा पुटपुटला.

"गप बसा हो! आजारपणात येते," त्याची बायको म्हणाली.

क्लॅरेन्सच्या पत्नी बॉटम्लीबाई पेटीपाशी आल्या. चष्मा घरीच राहिलेला. ऑस्विनच्या कानाशी वाकल्या. "मेल्या, झोपलास ना शेवटी न घोरता!" आणि त्याच्या नाकावर दोन टपोरे अश्रू टपकले.

'काय नटी आणलीय!' ऑस्विन मनात म्हणाला. नाकात गुदगुल्या! शिंक नाकपुडीच्या उंबऱ्यावर! पण डोळ्यांपुढे पोस्टमनची टोपी. बिचाऱ्याने शिंक गिळली.

तेवढ्यात दार उघडलं. सहा जण खांद्यावर खरा क्लॅरेन्स घेऊन हजर! बघतात तो पुढे एक पेटी आधीच. ओरडले? छे! मुकाट मागे रांगेत उभे राहिले!

पाद्रीबाबा खाकरले. "माफ करा हं... आपल्यापैकी कुणी जादा आहे का?"

तोच हिल्डा कप घेऊन आत आली नि किंचाळली, "ऑस्विन, ऊठ आधी!"

ऑस्विन ताडकन उठून बसला. "आऽऽक्छी!" पावडरचा असा ढग उडाला की पुढचे तीन बाक पांढरे! बॉटम्लीबाई धाडकन बेशुद्ध!

शुद्धीवर आल्यावर म्हणाल्या, "हुश्श! हा मिशीवाला माझा नव्हे ना? मघापासून म्हणतेय, इतकी वर्षं मी संसार केला तरी कुणाबरोबर!"

हिल्डा तर हसून लोटपोट! "अरे, क्लॅरेन्सच्या सख्ख्या बायकोला फसवलंस! पोस्टमन तूच!"

ऑस्विनच्या जिवात जीव आला. तो भाग लागला त्या दिवशी सगळं गाव टीव्हीपुढे. ऑस्विनने दार वाजवलं, "बाई, तुमचं पार्सल आलंय!" म्हणाला, आणि लगेच त्याचा खून झाला. पण बोलून मेला हो!

आता कवळीची काळजी वाटतेय म्हणून सांगते. बॉटम्लीबाई बेशुद्ध पडल्या, ते मी पदरचं घातलं. आमच्या बायका अशा पडत नाहीत. त्यांनी पेटीतल्या माणसापुढे रुमाल धरला आणि म्हणाल्या, "थंडी बाधली वाटतं तुम्हाला!"