लाथ कोणाची लिहायची?

एका जंगलात, बाळांनो, प्रत्येक दुखण्याला नंबर होता. शिंकेला होता, खरजेला होता. काटा रुतण्याला तर अकरा होते. पुढच्या पायातला, मागच्या पायातला, बाभळीचा, बोरीचा. हे सगळे नंबर एका जाड पोथीत होते. तिचं नाव दुखणेसूची. राजाने ती परमुलखातून मागवली होती. तिच्याशिवाय आपलं जंगल मागासलेलं दिसतं, असं त्याला कोणीतरी सांगितलं होतं.

त्या जंगलात रखमाजी नावाचा तरस राहायचा. त्याचा जबडा म्हणजे अडकित्ता. म्हशीच्या मांडीचं हाड तो सुपारीसारखं फोडायचा.

एकदा तळ्यावर पाणी पिताना तो चुकून रोहीच्या पिल्लाजवळ गेला. रोही म्हणजे नीलगाय. ती घाबरली, वळली आणि तिने लाथ झाडली. काडकन आवाज झाला. रखमाजीचा खालचा जबडा डावीकडे मोडला आणि लोंबायला लागला.

त्याची बायको तानूबाई त्याला सरकारी दवाखान्यात घेऊन गेली. तिथे भागाबाई नावाची अस्वलीण डॉक्टर होती. तिने जबडा हलक्या पंजाने चाचपला.

"हाड जागेवर बसवायचं आणि वेलीने बांधायचं. आजच बसवलं तर पहिल्यासारखं होईल. दिवस गेले तर वाकडं जुळेल."

"मग बसवा की, बाई!"

"बसवते. आधी तेवढा नंबर घेऊन ये."

नंबर द्यायचं काम साळिंदराकडे होतं. पाठीचा एक काटा उपसायचा आणि त्यानेच लिहायचं. वाईट नव्हता तो. नेटका होता.

"वरचा जबडा की खालचा?"

"खालचा. डावीकडचा."

"हनुवटी, मधला भाग, कोपरा, की सांध्याजवळ?"

तानूबाई पळत जाऊन डॉक्टरीणबाईंना विचारून आली. "कोपरा."

"कातडी फाटली की शाबूत?"

"शाबूत."

"भेट पहिली की पुढची?"

"पहिलीच. मोडायला दुसरा जबडा आहे का त्यांना?"

साळिंदराने पानं उलटली. "कशाने मोडला?"

"रोहीने लाथ मारली."

साळिंदराचं बोट थांबलं. "बैलाची लाथ आहे. घोड्याची आहे. शहामृगाचीसुद्धा आहे. रोहीची नाही."

"आपल्या जंगलात शहामृग कुठे आहे?"

"सूची बाहेरची आहे, बाई."

"मग नीलगाय लिहा."

"गाय म्हटलं तर ती गुरांत जाते. पण दिसते हरणासारखी. हरणांचं पान वेगळं."

"काहीही लिहा हो! मोडायचं ते मोडलंय."

"आणि वर्षाच्या आकड्यांत गाईंवर नसता आळ आला तर?"

"'माहीत नाही' असा रकाना असेल ना?"

"आहे. पण गेल्या वर्षी आम्ही तो फार वापरला. राजेसाहेब भर दरबारात बोलले."

तानूबाई पुन्हा डॉक्टरीणबाईंकडे आली. "नंबर मागाहून घ्या. आधी बांधा."

भागाबाईने दाराकडे पाहिलं. "गेल्या महिन्यात घुबडवैद्याने नंबराशिवाय पारव्याचा पंख बांधला. पारवा उडतोय. घुबडाची चौकशी चालू आहे." तिने ठणक्यावर लावायला पाला वाटून दिला. पाल्याला नंबर होता. देताना तिने वर पाहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी तानूबाईने रोहीला शोधून काढलं. रोहीची मान खाली गेली. "पिल्लासाठी घाबरले गं. चल, मी सांगते त्या साळिंदराला."

ती साळिंदरापुढे उभी राहिली.

"आपण गाय की हरीण?"

"मी रोही."

"तसा रकाना नाही."

"मग गाय लिहा."

"आपण गाय आहात?"

"नाही."

"मग कसं लिहू?"

"बरं, हरीण."

"आहात?"

"नाही हो! पण लाथ मीच मारली. पुन्हा मारून दाखवू का?"

साळिंदर दोन पावलं मागे सरकला. "प्रकरण वर पाठवतो," तो म्हणाला.

वर समिती बसली. समितीतली गाय म्हणाली, "आमच्यात असल्या लाथा मारत नाहीत." हरीण म्हणालं, "आमच्यात लाथच मारत नाहीत, पळतात." दोघांचं म्हणणं लिहून घेतलं गेलं. मग पुढची तारीख पडली.

इकडे तानूबाई मांस स्वतः चावायची आणि रखमाजीच्या तोंडात भरवायची. वाटेत हाड पडलेलं दिसलं की तो मान फिरवायचा. जंगलात हाडांचे ढीग साचले. एका सकाळी त्याचा ठणका थांबला. त्याने हळूच तोंड मिटून पाहिलं. वरचे दात खालच्या दातांना भेटले नाहीत.

चोविसाव्या दिवशी नंबर आला. 'लाथ, खूर असलेला प्राणी, इतर.' साळिंदर स्वतः धावत तो घेऊन आला. त्याला खरोखर आनंद झाला होता.

भागाबाईने जबडा चाचपला. "जुळलं. वाकडं जुळलं. सरळ करायचं तर पुन्हा मोडावं लागेल."

"मोडा," तानूबाई म्हणाली.

साळिंदर खाकरला. "हा नंबर ताज्या मोडलेल्या हाडाचा आहे. वाकड्या जुळलेल्या हाडाचं पान वेगळं. शिवाय डॉक्टरीणबाईंनी मोडला तर 'कशाने मोडला' हा प्रश्न पुन्हा येतो. अस्वल सूचीत आहे, पण तिथे फक्त चावा आहे."

तानूबाईने रखमाजीकडे पाहिलं. "चला घरी," ती म्हणाली.

वर्ष संपलं. 'माहीत नाही' या रकान्यात एकही नोंद नाही, म्हणून दवाखान्याचा दरबारात सत्कार झाला. सगळ्यात अचूक नोंदीचा रुग्ण म्हणून रखमाजीला मंचावर बसवलं. राजा म्हणाला, "दोन शब्द बोला."

रखमाजीला दोनाहून खूप जास्त बोलायचं होतं. तो उठला. त्याने तोंड उघडलं. वाकड्या जबड्यातून शब्द फुटेना. नुसतं खी-खी-खी बाहेर आलं आणि डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं.

"पाहा," राजा म्हणाला, "रुग्ण किती समाधानी आहे!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. भागाबाई तेवढी पंजे मांडीवर ठेवून बसली.

साळिंदराने घाईघाईने सूची उघडली. आनंदाश्रूंना नंबर होता.

तात्पर्य: बाळांनो, लाथ चुकवता येत नसेल तर निदान आधी सूची वाचावी आणि यादीत नाव असलेल्या जनावराकडूनच ती खावी.