कोपऱ्यातली दोन घरं

कोड्यात सव्वीस शब्द होते. पंचवीस भरलेले, एक रिकामा: उजवीकडे अगदी खाली, दुसऱ्या कुठल्याच शब्दाला न शिवणारी दोन घरं. नव्या जावयाने ही मोजणी दोनदा केली, कारण सासऱ्यांना एखादा शब्द अडेल असं त्याला वाटलं नव्हतं.

आदल्या संध्याकाळीच त्यांनी त्याला गूढ शब्दकोडं सोडवायची दीक्षा दिली होती. "जावईबापू, वाक्याच्या एका टोकाला अर्थ असतो, दुसऱ्या टोकाला कृती. बाकी सगळी थाप. 'नदी उलटी वाहिली की गरीब.' नदी उलटी करा. दीन! नदीचं पुढे काय झालं, याची काळजी करत बसू नका."

आत्ता सासरे आंघोळीला गेले होते. रिकाम्या घरांचं वाक्य होतं: 'भांडण उलटलं की औषध.' जावयाने पेन उचललं आणि ठसठशीत अक्षरांत लिहिलं: वाद.

चहा घेऊन आलेली बायको कोड्यावर वाकली.

"अरे, हे काय केलंस? ते आईचं होतं!"

"काय आईचं?"

"तो शब्द! सकाळी दोघांचं कशावरून तरी वाजतं. मग अबोला. मग बाबा ओरडतात, 'अडलंय बुवा एक!' आई हात पुसत येते, शब्द सांगते आणि मिटतं. मी शाळेत होते तेव्हापासून हेच."

"म्हणजे बाबांना तो येत असतो?"

"सगळ्यात आधी तोच येतो."

त्या दिवशी जरा जास्तच वाजलं होतं. सासूबाईंच्या माहेरची छत्री सासऱ्यांनी भंगारवाल्याला देऊन टाकली होती. सासूबाईंची बॅग भरून दाराशी उभी होती. बहिणीच्या गावाची बस अकराची.

जावयाने ब्लेडने शाई खरवडून पाहिली. कागदातून मागच्या पानावरच्या निधनवार्ता दिसू लागल्या, तेव्हा तो थांबला आणि दुसरा अंक आणायला धावला. पेपरवाल्याकडचा शेवटचा अंक शिंप्याने नेला होता. शिंप्याने तो मोठ्या मनाने दिला. त्यातलं कोडं पूर्ण भरलेलं होतं.

"तुम्हीही सोडवता?"

"सोडवत नाही, भरतो. रिकामी घरं बघवत नाहीत मला."

कोपऱ्यातल्या दोन घरांत त्याने लिहिलं होतं: बाही.

जावई परतला तेव्हा सासरे अंक घेऊन खुर्चीत बसले होते. त्यांनी 'वाद'कडे पाहिलं, मग बॅगेकडे, मग जावयाकडे. आणि रोजच्यापेक्षा मोठ्याने ओरडले, "अडलंय बुवा एक!"

सासूबाई चपला घालून दारात उभ्या होत्या. "तुझ्या बाबांना सांग," त्या मुलीला म्हणाल्या, "इथून तर भरलेलं दिसतंय."

"जावईबापूंनी भरलंय. मला तर बरोबरच वाटतं."

सासूबाई दोन पावलं आत आल्या. चष्मा लावला.

"वाद? अहो, भांडण उलटायचंय, औषध नाही! भांडण म्हणजे वाद, तो उलटा. दवा! अर्थ शेवटी आहे, आधी नाही."

"असं होय!"

"असं होय काय? जन्म गेला कोडी सोडवण्यात! आणि जावयाला काय डोंबल शिकवलंत?"

"मग तूच शिकव. बस जरा."

त्या टेकल्या. चपला पायातच होत्या. उलट्या नदीपर्यंत आल्यावर एक सुटली. जावयाने दुसरं उत्तरही चुकवल्यावर दुसरी. अकराची बस गेली. दुपारी छत्री परत आली, एक काडी कमी.

ती खुर्ची आता जावयाकडे आहे आणि त्याचे केस पिकलेत. आज सकाळी खिडकी उघडी ठेवण्यावरून त्याचं बायकोशी वाजलं. कोड्यात सव्वीस शब्द होते. नऊ वाजेपर्यंत पंचवीस भरून झाले.